पॅक न केलेली फाईल

पडद्यावर पहिल्यांदा उमटलं ते असं:

╞┌╜│

त्याखाली अशाच तुटक्या चौकटींच्या ओळी, पडदा संपेपर्यंत. काका माझ्या खुर्चीमागे उभे होते, चष्मा कपाळावर चढवलेला. बराच वेळ ते काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "वाचता येत नाही गे बाय, पण फाईल माझीच. डावीकडची रांग बघ, सालं बरोबर आहेत."

सालं खरंच बरोबर होती. १९५८, १९५९, मग एकदम १९६२. मधली दोन वर्षं आमच्या देवळात नाटक झालंच नव्हतं, हे काकांना तोंडपाठ होतं. आकडे इंग्रजीत टाइप केले होते म्हणून शाबूत दिसत होते. बाकी सगळं, म्हणजे कुणी कोणतं काम केलं, पेटीवर कोण होतं, पडदा कुणी रंगवला, त्या चौकटींच्या आड होतं.

आमचं घर गोव्यातल्या साखळी गावात, वाळवंटी नदीपासून फार लांब नाही. काकांनी १९८९ ते १९९७ अशी आठ वर्षं बाजारात टायपिंगचं दुकान चालवलं. दिवसा अर्ज, बिलं, लग्नपत्रिकांचे मसुदे. रात्री शटर अर्धं ओढून ते गावच्या नाट्यमंडळाच्या जुन्या वह्या संगणकात उतरवत बसायचे. जत्रेला आणि शिगम्याला होणाऱ्या नाटकांची ती नोंद. आजोबांच्या पिढीनं ठेवलेली आणि नंतर वाळवीनं खाल्लेली. वह्या गेल्या तेव्हा कुणी फारसं हळहळलं नाही, कारण "भाऊंच्या संगणकात आहे" असं सगळे धरून चालले होते. भाऊ म्हणजे काका. संगणक १९९७ मध्येच भंगारात गेला होता. उरला तो माळ्यावरचा बिस्किटांचा पत्र्याचा डबा आणि त्यात सव्वापाच इंची ३० फ्लॉप्या.

माळ्यावर होत्या म्हणून पुरातून वाचल्या. बुरशीतून मात्र वाचल्या नाहीत. गोव्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि जून ते सप्टेंबर आमच्या कपाटातल्या चपलांनाही पांढरी लव येते. फ्लॉपीच्या काळ्या पाकिटाला जी लांबट खिडकी असते तिच्यातून आतली तबकडी दिसते. पहिलीच फ्लॉपी उजेडात धरली तर त्या तबकडीवर तांदळाच्या पिठासारखे ठिपके. शहरातल्या एका डेटा काढून देणाऱ्या दुकानात दाखवल्या. त्यांनी डबा उघडून बघितला आणि सरळ टाकून द्या म्हणाले. मी डबा घेऊन घरी आले.

मी उच्च माध्यमिकला संगणक शिकवते, पण फ्लॉपी मी कधीच हाताळली नव्हती. जे केलं ते वाचत वाचत, चुकत चुकत केलं, आणि हे लिहितेय ते त्यासाठीच. असे डबे अजून बऱ्याच घरांच्या माळ्यांवर असणार.

यूएसबीला जोडायचे फ्लॉपी ड्राइव्ह बाजारात मिळतात ते साडेतीन इंची फ्लॉपीचे. सव्वापाच इंचीला खरा जुना ड्राइव्हच लागतो. तो मला म्हापशाला भंगारवाल्याकडे मिळाला. तो आजच्या लॅपटॉपला जोडायला ग्रीझवीझल नावाचा छोटा सर्किट बोर्ड येतो. एका बाजूला ३४ तारांची चपटी पट्टी, दुसऱ्या बाजूला यूएसबी. ड्राइव्हला १२ व्होल्टचा वीजपुरवठा वेगळा द्यावा लागतो, कारण यूएसबी फक्त ५ देते. हा बोर्ड फाईली वाचत नाही. तबकडीवरचं चुंबकत्व कुठं पालटतं त्याच्या वेळा तो नुसत्या टिपून घेतो आणि त्यातून बिट काढायचं काम लॅपटॉपवर होतं. फायदा असा, की एखादा सेक्टर, म्हणजे तबकडीवरच्या गोल मागाचा एक तुकडा, वाचला गेला नाही तर तोच माग पाच-सहा वेळा टिपून त्यातला बरा धरता येतो.

धुणं मे महिन्यात उरकलं, पावसाआधी. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये भिजवलेला कापसाचा बोळा खिडकीवर टेकवायचा, मधल्या भोकात बोट घालून तबकडी हळूहळू फिरवायची, एक फेरा झाला की बोळा बदलायचा. मग पाकीट उलटून दुसरी बाजू. एकेका फ्लॉपीला वीस मिनिटं. घाई केली तर लेप खरवडून निघतो आणि त्याबरोबर मजकूरही. आणखी एक गोष्ट मी उशिरा शिकले. बुरशीची फ्लॉपी वाचून झाली की ड्राइव्हचं हेडही पुसायचं, नाहीतर त्यावर चिकटलेली घाण पुढच्या चांगल्या फ्लॉपीवर गोल चरा पाडते. अशी एक फ्लॉपी माझ्या हातून गेली. तिच्यावर काय होतं ते आता कधीच कळणार नाही.

३० पैकी २२ पूर्ण वाचल्या गेल्या, पाचांत काही सेक्टर गेले, तीन मेल्या. पूर्ण वाचलेल्या प्रत्येक फ्लॉपीची ३,६८,६४० बाइटची एक फाईल झाली. ४० माग, दोन बाजू, प्रत्येक मागावर ९ सेक्टर, सेक्टरमध्ये ५१२ बाइट. गुणाकार बरोबर येतो का ते मी प्रत्येक वेळी कागदावर करून बघायची. गरज नव्हती, पण मन शांत व्हायचं.

आतल्या बहुतेक फाईलींवर तारीख होती १ जानेवारी १९८०. त्या साली काकांनी संगणक डोळ्यांनीही पाहिला नव्हता. त्यांनी खुलासा केला. त्यांच्या एक्सटी मशीनमध्ये, म्हणजे सुरुवातीच्या काळातल्या पीसीत, घड्याळाला बॅटरी नव्हती. चालू केलं की डॉस, म्हणजे विंडोजच्या आधीची ऑपरेटिंग सिस्टिम, तारीख विचारायचं आणि ते नुसतं एंटर मारायचे. डॉसचा काळ १९८० पासूनच सुरू होतो, त्यामुळे आमच्या गावची सगळी नाटकं एकाच दिवशी नोंदली गेली.

फाईलचं नाव नाटक, शेपूट डीबीएफ. म्हणजे डीबेस थ्री प्लसची. अ‍ॅश्टन-टेट कंपनीचं हे नोंदी ठेवायचं सॉफ्टवेअर, १९८५ मधलं. त्या दशकात आणि पुढेही काही वर्षं सोसायट्या, पतपेढ्या, पगारपत्रकं सगळी यावर चालायची. डीबीएफ आजही काही स्प्रेडशीट प्रोग्रामांत उघडते. मीही आधी तेच केलं. १,१६३ ओळी आल्या. तिथंच थांबले असते तर ही गोष्ट चार ओळींत संपली असती. पण फाईलच्या सुरुवातीच्या ३२ बाइटांत एकूण नोंदींचा आकडा लिहिलेला असतो, आणि तिथं १,१८६ होतं. २३ नोंदी कमी. फाईलची लांबी १,१८६ शीच जुळत होती, म्हणजे नोंदी आत होत्या. स्प्रेडशीट त्या दाखवत नव्हतं.

मग ठरवलं, ज्या भांड्यात शिजलं त्याच भांड्यात बघायचं. खुद्द डीबेस चालवायचं.

जुन्या मशीनची हुबेहूब बतावणी करणाऱ्या प्रोग्रामला एमुलेटर म्हणतात. डॉससाठी डॉसबॉक्स २००२ पासून आहे. पण तो उतरवून घ्या, बसवा, सेटिंग करा हे मी काकांच्या नाट्यमंडळातल्या सत्तरी ओलांडलेल्या माणसांना सांगू शकत नव्हते, आणि आमच्या प्रयोगशाळेतल्या मशीनवर काही बसवायची मुभाही नाही. मला हवी होती एक लिंक. उघडली की समोर १९९१ सालचं दुकान.

हे आज शक्य आहे ते काही माणसांच्या हट्टामुळे. २०११ मध्ये फाब्रिस बेलार या फ्रेंच प्रोग्रामरनं ब्राउझरच्या आत, जावास्क्रिप्टमध्ये, अख्खा पीसी उभा करून त्यावर लिनक्स चालवून दाखवलं. त्याच सुमारास मोझिलातल्या अलोन झकाई यांनी एम्स्क्रिप्टन तयार केलं. सी किंवा सी++ मध्ये लिहिलेला प्रोग्राम त्यातून काढला की ब्राउझरला कळेल असा होऊन बाहेर येतो. डॉसबॉक्सही त्यातून गेला. इंटरनेट अर्काइव्ह या ऑनलाइन संग्रहालयात जेसन स्कॉट आणि त्यांच्या सोबत्यांनी २०१३ पासून जुनं सॉफ्टवेअर थेट पानावरच चालू करायला सुरुवात केली, आणि २०१५ च्या जानेवारीत डॉसचे सुमारे २,४०० गेम एकदम खुले केले. माझी या विषयाशी ओळख तिथंच झाली. वर्गातल्या मुलांना दाखवायला एक जुना गेम उघडला आणि तास संपल्यावरही कुणी उठेना. २०१७ पासून ब्राउझरांत असे प्रोग्राम वेगानं चालवणारं वेबअसेम्बली आलं आणि वेगाचा प्रश्न जवळजवळ मिटला. आता स्वस्तातल्या मोबाइलवरसुद्धा डॉस चालतं.

मी जेएस-डॉस वापरलं, जे आतून डॉसबॉक्सच आहे. फ्लॉपीची प्रतिमा आणि सेटिंगची फाईल एकत्र बांधून दिली की पान तयार. डीबेस चालू झालं, मेनू आला, एस्केप दाबलं, मेनू गेला आणि खाली तो सुप्रसिद्ध टिंब. डीबेसवाले त्याला डॉट प्रॉम्प्ट म्हणतात. त्या टिंबासमोर आज्ञा दिल्या, यूज नाटक, मग लिस्ट. आणि वर सांगितलेल्या त्या चौकटी.

चौकटींचं कोडं काकांनीच सोडवलं. "आमच्या मशीनमध्ये जिस्टचं कार्ड होतं," ते म्हणाले. "ते काढलं की असंच दिसायचं."

जिस्ट कार्ड आता किती जणांना आठवत असेल ठाऊक नाही. आयआयटी कानपूरमध्ये सुरू झालेलं हे काम पुढे पुण्याच्या सी-डॅक या सरकारी संगणक संस्थेनं वाढवलं. संगणकाच्या खाचेत बसवायचं कार्ड. साधा इंग्रजीसाठी लिहिलेला प्रोग्राम, त्याला देवनागरीचा गंधही नाही, आणि हे कार्ड पडद्याकडे जाणारी अक्षरं वाटेतच धरून त्यांची देवनागरी करायचं. काना, मात्रा, जोडाक्षरं सगळं. डीबेसला कधी कळलंच नाही की आपण मराठी साठवतोय. त्याच्या दृष्टीनं ते नुसते १२७ च्या पुढचे आकडे होते.

ते आकडे इस्कीचे. भारतीय लिप्यांसाठी ठरवलेला हा संकेत १९९१ मध्ये भारतीय मानक म्हणून आला. त्यात १७९ म्हणजे क, १८० म्हणजे ख, १८१ म्हणजे ग. कार्ड नसलेल्या पीसीला मात्र १७९ म्हणजे उभी रेघ, कारण आयबीएमनं आपल्या तक्त्यात त्या जागी चौकटी आखायची चिन्हं ठेवली होती. आता वरची ओळ पुन्हा बघा. १९८ न, २१८ काना, १८९ ट, १७९ क.

नाटक.

मी कागदावर चारही अक्षरं एकाखाली एक लिहिली आणि काकांकडे सरकवली. त्यांनी चष्मा डोळ्यांवर घेतला. "मग? मी काय सांगितलं?"

मजकूर युनिकोडमध्ये, म्हणजे आज सगळीकडे चालणाऱ्या संकेतात, नेणं त्यामानानं सोपं. युनिकोडमधला देवनागरीचा क्रम इस्कीवरूनच घेतलेला आहे, त्यामुळे तक्ता जवळजवळ सरळ रेषेत जुळतो. एका ठिकाणी मी फसले. इस्कीत साध्या र ला २०७ आणि ऱ ला २०८ असे वेगळे आकडे आहेत. मी दोन्ही र वर टाकले. मग काकांच्या शेऱ्यांत "दुसर्‍या अंकात" चं सगळीकडे रफार असलेलं "दुसर्या" झालं. मराठी माणसाला हे खड्यासारखं लागतं. तक्त्यातली एक ओळ बदलली आणि तीसेक ठिकाणचे शेरे सुधारले.

आणखी एक कोडं नावांचं होतं. "लक्ष्मीनाराय" असं नाव चार ठिकाणी. टाइप करताना ण राहिला असेल म्हणावं तर चारही वेळा? मग मोजलं. काकांनी नावाचं घर १२ बाइटांचं आखलं होतं. इस्कीत क्ष ला एक जागा पुरत नाही. क, हलन्त, ष अशा तीन लागतात. ल, क, हलन्त, ष, हलन्त, म, दीर्घ वेलांटी, न, काना, र, काना, य. झाले बारा. ण ला जागाच नव्हती. "घर भरलं की मशीन ट्यूं करायचं," काका म्हणाले, "मी समजायचो, पुढचं घर घे." आमच्या गावातल्या लांब नावाच्या माणसांची शेपटं त्या ट्यूंमध्ये गेली आहेत. ती मी परत जोडलेली नाहीत. युनिकोडच्या यादीत बाजूला वेगळा रकाना केला आणि काका सांगतील तसं पूर्ण नाव तिथं लिहिलं.

पण यादी मिळून माझं समाधान होईना. मला ते पान मराठीत चालताना बघायचं होतं, डीबेसच्या आत, निळसर पडद्यावर. एमुलेटरमध्ये जिस्टचं कार्ड नव्हतं. तेव्हा निम्मा उपाय केला. पीसीच्या मजकुराच्या पडद्याला २५६ अक्षरांचा फॉन्ट लागतो, प्रत्येक अक्षर ८ ठिपके रुंद, १६ ठिपके उंच, एकूण ४,०९६ बाइट. हा फॉन्ट बदलता येतो. मी आलेखाच्या वहीवर १६१ पासून पुढची घरं आखली आणि पेन्सिलीनं ठिपके भरत बसले. आठ ठिपक्यांत ळ बसवून बघा एकदा. मला तीन संध्याकाळी लागल्या.

पहिल्यांदा चालवलं तर शिरोरेषा मधेमधे तुटलेली. न आणि काना जुळले होते, पण ट नंतर फट, क नंतर फट. दोन दिवस मी माझे ठिपके तपासत होते आणि चूक माझ्या ठिपक्यांत नव्हतीच. खऱ्या व्हीजीएमध्ये, म्हणजे त्या काळच्या पडद्याच्या कार्डात, अक्षराची चौकट ९ ठिपक्यांची असते, फॉन्ट ८ चा. नववा ठिपका मोकळा राहतो. अपवाद फक्त १९२ ते २२३ या आकड्यांचा, तिथं आठवा ठिपका नवव्यात उतरतो, कारण चौकटीच्या आडव्या रेघा तिथं आहेत आणि त्या तुटून चालत नाहीत. न १९८, काना २१८, म्हणून त्यांची रेघ पुढे गेली. ट १८९ आणि क १७९, म्हणून तुटली. मी हौसेनं सेटिंगमध्ये अस्सल व्हीजीए निवडलं होतं. साधं, ८ ठिपक्यांचं निवडलं आणि शिरोरेषा अखंड झाली. त्या क्षणी मला झालेला आनंद कुणाला सांगावा असा माणूस घरात जागा नव्हता. रात्रीचा दीड वाजला होता.

जोडाक्षरं या फॉन्टनं जुळत नाहीत, प्रत्येक तुकडा आपापल्या घरात सुटा उभा राहतो. ऱ्हस्व वेलांटीही अक्षराच्या आधी यायची ती नंतर येते, कारण इस्कीत मजकूर उच्चाराच्या क्रमानं साठवतात. पहिलीतल्या मुलासारखं बोट ठेवून वाचावं लागतं. पण वाचता येतं.

रविवारी काकांना बसवलं. सुरुवातीलाच तक्रार, "किती धावतंय हे!" लिस्ट म्हटल्याबरोबर हजार ओळी झर्रकन वर निघून गेल्या. त्यांच्या एक्सटीचा वेग ४.७७ मेगाहर्ट्झ होता. मी डॉसबॉक्सच्या सायकल्स, म्हणजे वेगाचा आकडा, ३०० च्या आसपास आणल्या. ओळी एकेक करून सावकाश उमटायला लागल्या आणि काका खुर्चीत मागे टेकले. मग म्हणाले, "आवाज कुठंय?" ब्राउझर पानावर एकदा टिचकी मारल्याशिवाय आवाज सोडत नाही. टिचकी मारली. त्यांनी मुद्दाम एका घरात जास्तीची अक्षरं टाकली. ट्यूं.

पुढचा तासभर मी नुसती बघत होते. वयाच्या शहात्तराव्या वर्षी, मोबाइलवर नातवाचा फोन उचलताना दोनदा चुकणारी ती बोटं इथं एकदाही अडखळली नाहीत. एडिट म्हणायचे, नोंदीचा आकडा, सालाच्या घरात जायचे, चुकलेलं साल दुरुस्त करायचे. पंधरा-सोळा नोंदी झाल्या. मग त्यांनी डाव्या हातानं कंट्रोल आणि डब्ल्यू दाबलं.

पान गेलं. समोर ब्राउझरचं कोरं पान.

डीबेसमध्ये कंट्रोल-डब्ल्यू म्हणजे जतन करून बाहेर ये. ब्राउझरमध्ये तीच जोडी म्हणजे हे पान बंद कर. डीबेसनं त्यांच्या दुरुस्त्या फ्लॉपीवर लिहिल्याही होत्या, पण ती फ्लॉपी त्या पानाच्या स्मृतीतच जगत होती. पान गेलं तशी फ्लॉपी गेली. मूळ प्रत माझ्याकडे होती, पण तासाभराचं काम गेलं. काकांनी हात मांडीवर ठेवले. "माझं काही चुकलं?"

नाही. चूक माझी होती. त्यांनी आठ वर्षं रोज रात्री जे केलं तेच केलं, आणि मी ते होऊ शकतं याचा विचार केला नव्हता. त्याच संध्याकाळी दोन गोष्टी बदलल्या. पानावर पहिली टिचकी मारताच ते पूर्ण पडद्यावर जाईल असं केलं. क्रोममध्ये पूर्ण पडद्यावर असताना कंट्रोल-डब्ल्यूसारख्या जोड्या ब्राउझर स्वतः न घेता पानाकडे जाऊ देतो. आणि दर मिनिटाला फ्लॉपीतले बदल ब्राउझरच्या कायमच्या साठ्यात उतरवायची सोय केली. असं काही करणाऱ्यांना माझी कळकळीची विनंती, वापरणाऱ्याची बोटं कुठल्या जोड्या दाबतात ते आधी विचारा. आमच्याकडे आणखी एक निघाली, कंट्रोल-यू. ब्राउझरमध्ये तिनं पानाचा सोर्स उघडतो. डीबेसमध्ये तिनं नोंद खोडली जाते.

पुढच्या रविवारी काकांनी सगळ्या दुरुस्त्या पुन्हा केल्या, कागद न बघता. आणि मी त्यांना त्या २३ नोंदींचं विचारलं. डीबेसच्या यादीत त्या दिसत होत्या, फक्त ओळीच्या आधी एक चांदणी होती.

"त्या खोडलेल्या," ते म्हणाले. "डीबेसमध्ये खोडलं म्हणजे पुसलं नव्हे. खूण होते. पॅक म्हटलं की मग खरोखर जातं."

स्प्रेडशीटनं चांदणीवाल्या ओळी मला न विचारता गाळल्या होत्या. आम्ही एकेक काढून बघितल्या. बावीस नोंदी दुबार किंवा चुकीच्या होत्या. तेविसावी ४१७ क्रमांकाची. साल १९६७, काम सुभद्रा, आणि नाव माझ्या बाबांचं.

बाबा स्त्री पार्ट करायचे हे मला माहीतच नव्हतं. ते पुढे शाळेत हेडमास्तर झाले, कडक म्हणून ओळखले जायचे. २००९ मध्ये गेले. काकांनी सांगितलं ते असं. शाळेत नवे असताना कुणी तरी मुलांना ही गोष्ट सांगितली आणि फळ्यावर ते नाव लिहिलेलं सापडायला लागलं. ते त्यांना फार लागलं होतं. पुढे कितीतरी वर्षांनी काका वह्या उतरवत होते तेव्हा बाबा दुकानात आले आणि म्हणाले, माझं नाव त्यात नको. काकांनी त्यांच्यासमोर कंट्रोल-यू दाबलं.

"मग पॅक का नाही केलंत?"

"महिन्यानं भाई परत आला. विचारलं, खरंच काढलंस का रे? म्हटलं, खूण केलीय, पुसलेलं नाही. थोडा वेळ उभा राहिला. म्हणाला, राहू दे तसंच."

रिकॉल म्हटलं की चांदणी जाते आणि नोंद परत जिवंत होते. एका शब्दाचं काम. माझी बोटं कळफलकावर होती. काकांनी मान हलवली, आणि मलाही ते पटलं. ‘तसंच’ म्हणजे चांदणीसकट.

मंडळासाठीच्या युनिकोड यादीत १,१६३ नोंदी आहेत. पानावर चालते ती फाईल १,१८६ ची आहे, जशी डब्यातून निघाली तशी, आणि ती लिंक सध्या आमच्या घरापुरतीच आहे. डीबेस हा प्रोग्राम दुसऱ्याच्या मालकीचा, तो मी जगाला वाटू शकत नाही. नोंदी आमच्या आहेत, त्या वाटल्या.

आईला त्या दिवशी संध्याकाळी बोलावलं. तिचं लग्न १९७४ चं, तिनंही ते नाटक बघितलेलं नाही. ती पदराला हात पुसत आली. काकांनी गो ४१७ टाइप केलं, मग डिस्प्ले. ओळ सावकाश उमटली. आईनं पडद्यावर बोट ठेवलं आणि सुटी सुटी अक्षरं जुळवत वाचलं, सु, भ, द, र ला काना. मग नाव. ते वाचायला तिला वेळ लागला नाही.

"आणि ही चांदणी कसली?" तिनं विचारलं.

"ती भाईची आहे, वहिनी," काका म्हणाले. "असू दे."